आइन्स्टाइनच्या सत्तरीला मित्रानं भेट दिली, ती म्हणजे भूतकाळात जायचं गणित

टाइम मशीन म्हटलं की डोळ्यासमोर काय येतं? एखादी चकचकीत गाडी, आत चार बटणं. तारीख टाकायची, खटका ओढायचा आणि थेट शिवाजी महाराजांच्या राज्याभिषेकाला रायगडावर हजर. पिक्चरमध्ये हे दोन मिनिटांत होतं. म्हणूनच हा विषय निघाला की शहाणी माणसं हसून सोडून देतात.

पण १९४९ साली एका माणसानं हा विषय हसण्यावारी नेला नाही. त्याच्याकडे यंत्र नव्हतं, प्रयोगशाळा नव्हती. होते फक्त कागद आणि पेन्सिल. त्यानं आइन्स्टाइनचीच समीकरणं घेतली आणि दाखवून दिलं की या समीकरणांत असंही एक विश्व बसतं, जिथे माणूस सतत पुढे चालत राहिला तरी स्वतःच्याच भूतकाळात जाऊन पोहोचू शकतो. आणि हे त्यानं कुठे मांडलं? आइन्स्टाइनच्या सत्तरीच्या निमित्तानं निघालेल्या ग्रंथात.

त्या माणसाचं नाव कुर्ट गोडेल. विसाव्या शतकातला सगळ्यात मोठा तर्कशास्त्रज्ञ म्हणून त्याचं नाव घेतात. कागदावर भूतकाळाचा रस्ता काढणारा हा माणूस स्वतःच्या गावी मात्र पुन्हा कधीच गेला नाही. आणि त्याचा शेवट झाला तो उपासमारीनं, तेही अमेरिकेतल्या एका सुखवस्तू गावात.

हे सगळं कसं घडलं, ते सुरुवातीपासून बघू.

घरातलं नाव होतं, श्रीयुत का

गोडेलचा जन्म २८ एप्रिल १९०६ चा. गाव ब्रुन. आज ते चेक प्रजासत्ताकात आहे आणि त्याला बर्नो म्हणतात. तेव्हा तिथे ऑस्ट्रिया-हंगेरीचं साम्राज्य होतं. कापडाच्या गिरण्यांचं हे गाव. वडील अशाच एका कापड कंपनीत वरच्या हुद्द्यावर पोहोचलेले. घरात आई मारियाना आणि मोठा भाऊ रुडॉल्फ. खाऊनपिऊन सुखी, जर्मन बोलणारं कुटुंब.

धाकट्या कुर्टला एकच खोड. तो प्रत्येक गोष्टीला का म्हणून विचारायचा. उत्तर दिलं की त्या उत्तरावर परत का. शेवटी घरच्यांनी त्याचं नावच श्रीयुत का असं ठेवलं.

सहाव्या वर्षाच्या सुमारास त्याला सांध्यांचा ताप आला. तो त्यातून बरा झाला आणि गोष्ट तिथेच संपायला हवी होती. पण दोनेक वर्षांनी या पोरानं त्या आजाराबद्दल डॉक्टरी पुस्तकातून वाचून काढलं. या तापाचा हृदयावर परिणाम होऊ शकतो, असं त्यात लिहिलेलं. झालं. आपलं हृदय कायमचं कमकुवत झालं आहे, असं त्यानं ठरवून टाकलं. डॉक्टरांनी कितीही समजावलं तरी हा समज आयुष्यभर गेला नाही.

ही छोटीशी गोष्ट लक्षात ठेवा. एकदा एखादं गृहीतक डोक्यात बसलं की त्याच्या टोकापर्यंत जायचं, ही गोडेलची ताकदही होती आणि पुढे तेच त्याच्या जिवावरही उठलं.

चोविसाव्या वर्षी गणिताचा पाया हलवला

१९२४ मध्ये तो व्हिएन्ना विद्यापीठात दाखल झाला. शिकायचं होतं भौतिकशास्त्र. पण तिथे फिलिप फुर्टवेंगलर नावाचे गणिताचे प्राध्यापक होते. मानेखालचं शरीर लुळं पडलेलं. खुर्चीत बसून, हातात एकही टिपण न घेता ते शिकवायचे आणि फळ्यावर मदतनीस लिहायचा. त्यांच्या तासांना तुफान गर्दी व्हायची. गोडेल गणिताकडे वळला.

त्याच काळात व्हिएन्नात मॉरित्झ श्लिक या प्राध्यापकांभोवती तत्त्वज्ञ आणि वैज्ञानिकांचा एक गट जमायचा. त्याला व्हिएन्ना सर्कल म्हणतात. गोडेल तिथे नेमानं जायचा, कोपऱ्यात बसायचा, बहुतेक वेळा गप्प असायचा. बाकीच्यांची मतं त्याला पटायची नाहीत, पण वाद घालायचा त्याचा स्वभाव नव्हता. आधी सिद्ध करायचं, मग बोलायचं.

तेव्हा गणितात एक मोठं स्वप्न होतं. जर्मन गणिती डेव्हिड हिल्बर्ट यांचं म्हणणं असं की गणिताचे थोडे मूळ नियम पक्के ठरवू आणि त्यातून सगळं गणित बिनचूक सिद्ध करून दाखवू. असा एकही प्रश्न उरणार नाही, ज्याचं उत्तर मिळणार नाही.

सप्टेंबर १९३० मध्ये क्योनिग्सबर्ग गावात एक परिषद भरली. तिच्या शेवटच्या दिवशी, ७ सप्टेंबरला, चर्चा चालू असताना २४ वर्षांच्या गोडेलनं शांतपणे सांगितलं की हे स्वप्न पूर्ण होणार नाही. अंकगणित मावेल एवढी कोणतीही सुसंगत नियमावली घ्या, तिच्यात अशी विधानं सापडणारच जी खरी आहेत पण त्या नियमांनी सिद्ध होत नाहीत.

बहुतेकांच्या हे डोक्यावरून गेलं. एकाच्या लक्षात आलं, तो म्हणजे जॉन फॉन नॉयमन, ज्याचं नाव पुढे कॉम्प्युटरच्या इतिहासात अजरामर झालं. योगायोग असा की दुसऱ्याच दिवशी, त्याच गावात, हिल्बर्ट यांनी आपल्या भाषणात माणसाला सगळं कळू शकेल असा विश्वास ठणकावून सांगितला. तो विश्वास आदल्याच दिवशी मोडीत निघाला होता, याची त्यांना कल्पना नव्हती.

१९३१ साली हा शोध छापून आला. अपूर्णतेचं प्रमेय या नावानं तो आजही शिकवला जातो.

आडेल, एक खून आणि एक छत्री

गोडेलच्या आयुष्यात आणखी एक व्यक्ती याच दिवसांत आली. आडेल पोर्केर्ट. वयानं त्याच्याहून सहा वर्षांनी मोठी, घटस्फोटित, आणि व्हिएन्नातल्या एका नाइट क्लबमध्ये नाचायचं काम केलेली. आता १९२० च्या दशकातल्या एका प्रतिष्ठित घराला हे कसं चालणार? घरच्यांनी कडाडून विरोध केला. गोडेलनं भांडण केलं नाही आणि आडेललाही सोडलं नाही. तब्बल दहा वर्षं थांबून, सप्टेंबर १९३८ मध्ये दोघांनी लग्न केलं.

ही दहा वर्षं साधी नव्हती. १९३३ मध्ये गोडेल पहिल्यांदा अमेरिकेत प्रिन्स्टनच्या इन्स्टिट्यूट फॉर ॲडव्हान्स्ड स्टडीमध्ये व्याख्यानं द्यायला गेला. परत आल्यावर त्याची मानसिक तब्येत ढासळली आणि त्याला आरोग्यधामात ठेवावं लागलं. मग २२ जून १९३६ ला मॉरित्झ श्लिक यांचा एका माजी विद्यार्थ्यानं विद्यापीठाच्या जिन्यावर गोळ्या झाडून खून केला. ज्यांच्या गटात आपण वाढलो त्या माणसाचा असा शेवट बघून गोडेल पुन्हा कोसळला. आपल्या जेवणात कुणीतरी विष घालेल, ही भीती त्याच्या मनात घर करून बसली. आडेल त्याच्यासमोर घास चाखून बघायची, मग तो खायचा.

१९३८ मध्ये हिटलरनं ऑस्ट्रिया गिळला. गोडेल ज्यू नव्हता, पण त्याच्या आजूबाजूचे अनेक जण ज्यू होते आणि नव्या सरकारला तेवढं संशयाला पुरेसं होतं. विद्यापीठातला त्याचा शिकवायचा हक्क संपला. एकदा विद्यापीठाजवळ नाझी गुंडांच्या टोळक्यानं त्याला ज्यू समजून घेरलं. आडेल सोबत होती. तिनं हातातल्या छत्रीनं त्या पोरांना पळवून लावलं. त्यातच सैन्याच्या तपासणीत गोडेलला भरतीसाठी लायक ठरवण्यात आलं. आता निघणं भाग होतं.

पण निघणार कुठून? युद्ध सुरू झालं होतं आणि जर्मन पासपोर्ट घेऊन अटलांटिक ओलांडायला जावं तर इंग्रज वाटेत अटक करण्याची भीती. मग जानेवारी १९४० मध्ये हे जोडपं उलट्या दिशेनं निघालं. बर्लिन, तिथून लिथुआनिया, लाटव्हिया, मग सैबेरिया ओलांडणारी रेल्वे, व्लादिव्होस्तोक, जपानमधलं योकोहामा आणि तिथून बोटीनं सॅन फ्रान्सिस्को. ४ मार्च १९४० ला ते अमेरिकेच्या किनाऱ्याला लागले. पॅसिफिकमधली आंतरराष्ट्रीय वाररेषा पूर्वेकडे ओलांडली की तीच तारीख दोनदा येते. म्हणजे एक दिवस परत जगायची संधी गोडेलला मिळाली होती, पण ती फक्त कॅलेंडरवर.

प्रिन्स्टनमधली दोस्ती

प्रिन्स्टनच्या त्याच इन्स्टिट्यूटमध्ये गोडेल कामाला लागला आणि तिथे त्याला जगातला सगळ्यात प्रसिद्ध शास्त्रज्ञ दोस्त म्हणून मिळाला.

जोडी एकदम विजोड. आइन्स्टाइन सत्तरीकडे झुकलेला, विस्कटलेले केस, गबाळे कपडे, मोकळं हसणं. गोडेल त्याच्याहून २७ वर्षांनी लहान, काटकुळा, जाड चष्मा, उन्हाळ्यातही अंगात कोट. पण रोज दोघं इन्स्टिट्यूटमधून घरापर्यंत सोबत चालत जायचे आणि जर्मनमध्ये गप्पा मारायचे. आइन्स्टाइननं उतारवयात अर्थशास्त्रज्ञ ऑस्कर मॉर्गेनस्टर्नजवळ कबूल केलं होतं की आता आपल्या कामात फारसं काही उरलेलं नाही, इन्स्टिट्यूटमध्ये येतो ते घरी जाताना गोडेलची सोबत मिळते म्हणून.

याच मॉर्गेनस्टर्ननं एक भन्नाट किस्सा लिहून ठेवला आहे. डिसेंबर १९४७ मध्ये गोडेलची अमेरिकन नागरिकत्वाची मुलाखत होती. आइन्स्टाइन आणि मॉर्गेनस्टर्न साक्षीदार. गोडेलनं अमेरिकेच्या राज्यघटनेचा अगदी प्रमेयासारखा अभ्यास केला आणि ऐन वेळी दोघांना सांगितलं की यात एक विसंगती सापडली आहे, कायदेशीर मार्गानं इथे हुकूमशाही येऊ शकते. दोघांनी हात जोडायचे तेवढे बाकी ठेवले, की बाबा, हे तिथे बोलू नकोस. आणि नेमकं न्यायाधीशांनी बोलता बोलता म्हटलं की जर्मनीत झालं तसं अमेरिकेत होणं शक्य नाही. गोडेल लगेच सरसावला की शक्य आहे, मी सिद्ध करून दाखवतो. न्यायाधीश फिलिप फोरमन समजूतदार निघाले. त्यांनी विषय तिथेच थांबवला आणि गोडेल नागरिक झाला.

बघा, नियम कसलेही असोत, गणिताचे किंवा देशाचे, हा माणूस एकच प्रश्न विचारायचा. या नियमांनुसार नेमकं काय काय घडू शकतं? थोड्याच काळात त्यानं हाच प्रश्न आइन्स्टाइनच्या सिद्धांताला विचारला.

काळाची गाठ कशी बसते?

आइन्स्टाइनच्या सत्तरीसाठी एक ग्रंथ तयार होत होता आणि गोडेलला त्यात लेख लिहायचा होता. त्यानं सुरुवात केली ती तत्त्वज्ञ कांट आणि सापेक्षता सिद्धांत यांच्या नात्यापासून. काळ ही खरोखर बाहेर असलेली गोष्ट आहे, की माणसाची जग बघायची पद्धत? कांटचा हा जुना प्रश्न. लेख लिहिता लिहिता त्याच्या हाती एक नवं विश्व लागलं.

इथे थोडं थांबून एक गोष्ट समजून घेऊ. भविष्यात जाणं सापेक्षता सिद्धांतात अवघड नाही. प्रचंड वेगानं जाणाऱ्या माणसाचं घड्याळ आपल्यापेक्षा सावकाश चालतं. पुराणातली रेवतीची गोष्ट आठवते? तिचे वडील तिला घेऊन ब्रह्मदेवाला वर विचारायला जातात आणि खाली येतात तोवर पृथ्वीवर युगं उलटून गेलेली असतात. ती गोष्ट भौतिकशास्त्र सांगण्यासाठी रचलेली नाही, पण काळ सगळीकडे एकसारखा जात नाही ही कल्पना आपल्याला त्यावरून चटकन कळते. तरीही रेवतीला परत मागच्या युगात जाता आलं नाही. खरा प्रश्न तोच आहे. मागे जाता येतं का?

गोडेलनं कल्पना केलेल्या विश्वात सगळं द्रव्य एकसारखं पसरलेलं आहे आणि ते फिरतं आहे. कशाभोवती? तर एका ठराविक केंद्राभोवती नाही. तुम्ही कुठेही उभे राहा, बाकीचं विश्व आपल्याभोवती फिरतंय असंच तुम्हाला दिसेल. आता आइन्स्टाइनच्या सिद्धांतात द्रव्य आपल्यासोबत अवकाश आणि काळ दोन्ही वाकवतं. फिरणारं द्रव्य त्यांना पिळतं. तुम्ही जितके लांब जाल तितकी भविष्याची दिशा त्या फिरण्याकडे कलत जाते.

सोप्या भाषेत सांगायचं तर दादरचा पूल आठवा. सकाळी साडेनऊची गर्दी. मागे वळायची सोय नाही, उभं राहायची सोय नाही, लोक ढकलतील तसं फक्त पुढे. आपलं काळाच्या बाबतीत हेच होतं. आता समजा तो पूल हळूहळू वळत गेला आणि फिरून स्वतःलाच येऊन जोडला गेला. तुम्ही एकही पाऊल मागे टाकलेलं नाही, प्रत्येक पाऊल पुढेच पडलंय, आणि तरीही तुम्ही जिथून निघालात त्याच पायरीवर उभे आहात. गोडेलच्या विश्वात काळाचा पूल असा वळू शकतो. तुमचं घड्याळ पूर्ण प्रवासभर पुढेच चाललेलं असतं. पण प्रवास संपतो तो तुमच्याच कालच्या दिवसात.

गोडेल इथे थांबला नाही. या प्रवासाचा खर्चही त्यानं काढला. यानाचा वेग प्रकाशाच्या वेगाच्या किमान ७१ टक्के हवा. इंधनाचं संपूर्ण ऊर्जेत रूपांतर करता आलं असं धरलं, तरी प्रवाशाच्या घड्याळानं १०० वर्षांचा फेरा मारायला इंधन लागेल यानाच्या वजनाच्या साधारण एकावर १८ शून्यं इतक्या पट. म्हणजे एक टन वजनाच्या यानाला जवळपास चंद्राच्या सत्तराव्या भागाएवढं इंधन. तर उद्या कुणी आपल्या आजोबांच्या लग्नात जाऊन गोंधळ घालेल, ही भीती त्यानं व्यवहाराच्या पातळीवर निकालात काढली. तर्काच्या पातळीवर मात्र दार उघडंच राहिलं.

मुद्दा यानाचा नव्हताच

आता सगळ्यात महत्त्वाची गोष्ट, जी टाइम ट्रॅव्हलच्या गप्पांत हमखास सुटते. गोडेलला भूतकाळात जायचं नव्हतं. त्याला विचारायचं होतं की काळ खरंच जातो का.

आपण म्हणतो कालचा दिवस संपला, उद्याचा अजून यायचाय, खरा आहे तो फक्त आत्ताचा क्षण. आइन्स्टाइननं १९०५ मध्येच दाखवलं होतं की हा आत्ताचा क्षण सगळ्यांसाठी एकच नसतो. वेगवेगळ्या वेगानं जाणाऱ्यांचा आत्ता वेगवेगळा असतो. तरी काही शास्त्रज्ञांनी पळवाट काढली की अख्ख्या विश्वातल्या द्रव्याची सरासरी चाल धरून एक सामाईक वैश्विक काळ मानता येईल.

गोडेलच्या फिरत्या विश्वात ही पळवाट बंद होते. तिथे सगळ्यांना लागू पडेल असा सामाईक काळ मांडताच येत नाही. जिथे तुम्ही कालच्या दिवसाला जाऊन भेटू शकता, तिथे तो दिवस संपला असं म्हणणार तरी कसं?

यावर कुणी म्हणेल की असेल तसं, पण ते आपलं विश्व नाही ना. गोडेलचं उत्तर असं की दोन्ही विश्वांचे नियम एकच आहेत. फरक आहे तो फक्त द्रव्य कसं पसरलंय आणि कसं हलतंय एवढाच. मग काळ खरोखर वाहतो की नाही, ही इतकी मूलभूत गोष्ट केवळ द्रव्याच्या मांडणीवर कशी अवलंबून असेल? म्हणून काळाचं वाहणं हे आपल्याही विश्वात खरं नसून भास असला पाहिजे, असा त्याचा निष्कर्ष.

आइन्स्टाइननं त्याच ग्रंथात याला उत्तर दिलं. सिद्धांत रचतानाच ही शंका आपल्याला सतावत होती, हे त्यानं मान्य केलं आणि गोडेलच्या कामाला दाद दिली. फक्त अशी विश्वं भौतिक कारणांनी बाद ठरवता येतील का, ते तपासलं पाहिजे, असं सुचवलं. गणितात चूक कुणालाच सापडली नाही.

१९५१ साली पहिला आइन्स्टाइन पुरस्कार गोडेल आणि भौतिकशास्त्रज्ञ ज्युलियन श्विंगर यांना विभागून मिळाला. तो द्यायला स्वतः आइन्स्टाइन हजर होता.

दीर्घिका मोजणारा माणूस

गोडेलचं ते विश्व प्रसरण पावत नाही. आपलं पावतं, हे १९२९ पासून माहीत होतं. म्हणजे ते जसंच्या तसं आपलं नव्हे, हे गोडेललाही ठाऊक होतं. १९५० मध्ये त्यानं फिरणाऱ्या आणि प्रसरणही पावणाऱ्या विश्वांचं गणित मांडलं. आपलं विश्व थोडं तरी फिरतंय का, हा प्रश्न मग त्याला सुटेना. फिरत असेल तर आकाशातल्या दीर्घिकांचे अक्ष एका विशिष्ट दिशेला थोडे जास्त झुकलेले दिसायला हवेत. तर्कशास्त्राचा हा बादशहा दीर्घिकांच्या छायाचित्रांवरून त्यांचे कोन मोजत बसला, आकड्यांनी वह्या भरत राहिला.

जॉन व्हीलर या भौतिकशास्त्रज्ञानं एक आठवण सांगितली आहे. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला तो आणि त्याचे दोन सहकारी गुरुत्वाकर्षणावर एक जाडजूड पुस्तक लिहीत होते. ते गोडेलला भेटायला गेले. त्यांना विचारायचं होतं त्याच्या प्रसिद्ध प्रमेयाबद्दल. गोडेलनं उलट त्यांनाच विचारलं की तुमच्या पुस्तकात विश्वाच्या फिरण्याबद्दल काय आहे? पुस्तकात त्याबद्दल काहीच नव्हतं. गोडेल नाराज झाला.

पुढे काय झालं? विश्वाच्या सुरुवातीच्या काळातला जो क्षीण किरणोत्सर्ग आजही सगळीकडून येतो, त्याची उपग्रहांनी बारकाईनं मोजणी केली. विश्व फिरत असल्याची खूण त्यात सापडली नाही. १९९२ मध्ये स्टीफन हॉकिंगनं असा अंदाज मांडला की निसर्गाचे नियमच भूतकाळात जायची वाट बंद करत असावेत. पण तो अंदाजच आहे, त्याची सिद्धता अजून कुणाला देता आलेली नाही. गोडेलनं उघडलेलं दार लोटलं गेलंय, त्याला कडी लागलेली नाही.

परतीची वाट

इतका विचार काळाचा करणाऱ्या या माणसाचं स्वतःच्या भूतकाळाशी नातं मात्र अवघड होतं.

युद्ध संपलं. ज्यांनी व्हिएन्ना सोडलं त्यातले काही जण परत जाऊन आले. गोडेल एकदाही गेला नाही. ऑस्ट्रियानं मानसन्मान देऊ केले, व्हिएन्नाच्या विज्ञान अकादमीनं सदस्यत्व देऊ केलं. त्यानं नकार कळवले. आईला मात्र तो वर्षानुवर्षं पत्रं लिहीत राहिला. त्यात हवापाणी, घरातल्या गोष्टी, आइन्स्टाइनची खबरबात. १९६१ मध्ये त्यानं काही पत्रांत आईला मरणानंतरही भेट होईल असं आपल्याला का वाटतं, हे तर्कानं पटवून द्यायचा प्रयत्न केला. म्हातारी आई मोठ्या मुलासोबत अटलांटिक ओलांडून प्रिन्स्टनला येऊन त्याला भेटून जायची. १९६६ मध्ये ती गेली.

आडेलचं प्रिन्स्टनमध्ये मन रमलं नाही. प्राध्यापकांच्या त्या गावात तिला फारसं कुणी आपलं मानलं नाही. तिनं आपल्या लिंडन लेनवरच्या घरापुढे बागेत गुलाबी रंगाचा एक सिमेंटचा फ्लेमिंगो उभा केला. शेजारीपाजारी नाकं मुरडत असतील, पण जगातल्या सगळ्यात काटेकोर तर्कशास्त्रज्ञाला तो फ्लेमिंगो भारी गोंडस वाटायचा. डिस्नेचा स्नो व्हाइट हा त्याचा आवडता सिनेमा, त्यातलं विषारी सफरचंद असूनही.

१८ एप्रिल १९५५ ला आइन्स्टाइन गेला. त्याच्या ऑफिसमधले कागद लावायच्या कामात गोडेलनं हात दिला. त्यानंतर संध्याकाळच्या त्या रस्त्यावर चालायला सोबत उरली नाही. गोडेल हळूहळू मिटत गेला. लोक दारात आले तरी भेट टाळायचा, फोनवर मात्र तासन्‌तास बोलायचा. डॉक्टरांवर विश्वास नाही, औषधांवर नाही, जेवणावर तर नाहीच. विष घातलं जाईल ही भीती परत वर आली.

तरी आडेल होती तोवर निभावलं. ती चाखायची, समजूत काढायची, मागे लागून भरवायची. एका अर्थानं त्याचं सगळं तर्कशास्त्र तिच्या स्वयंपाकघरावर उभं होतं.

१९७७ च्या उन्हाळ्यात तीच आजारी पडली. ऑपरेशन झालं आणि तिला अनेक महिने दवाखान्यात राहावं लागलं. त्याच जुलैमध्ये मॉर्गेनस्टर्नही कर्करोगानं गेला. घरात एकटा गोडेल. घास चाखून बघणारं कुणी नाही, म्हणून त्यानं घास घेणंच सोडलं. डिसेंबरमध्ये आडेल घरी परतली आणि त्याची अवस्था बघून तिनं त्याला दवाखान्यात जायला तयार केलं. उशीर झाला होता.

१४ जानेवारी १९७८ ला प्रिन्स्टनच्या दवाखान्यात गोडेल गेला. वय ७१. वजन उरलं होतं साधारण ३० किलो. मृत्यूच्या दाखल्यावर कारण नोंदवलं गेलं ते कुपोषण आणि उपासमार, तीही मानसिक आजारातून आलेली.

अनेक जण याकडे एका विक्षिप्त प्रतिभावंताचा किस्सा म्हणून बघतात. पण हा एक आजार होता. त्या काळात त्यावर पुरेसे उपचार नव्हते आणि जे होते ते घ्यायला तो तयार नव्हता. वर्षानुवर्षं तो आजार सांभाळला एका बाईनं, जिचं नाव कुठल्याच प्रमेयाला नाही.

आडेल त्यानंतर तीन वर्षं जगली. १९८१ मध्ये ती गेली. जाताना तिनं नवऱ्याचे सगळे कागद इन्स्टिट्यूटच्या स्वाधीन केले. त्यातलं पुष्कळसं लिखाण एका जुन्या जर्मन लघुलिपीत होतं, ते उलगडायलाच अभ्यासकांची वर्षं गेली. तो संग्रह पुढे प्रिन्स्टन विद्यापीठाच्या ग्रंथालयात ठेवला गेला. त्यात अपूर्णतेचं प्रमेय घडवणारे कागद आहेत, काळावरच्या लेखाचे एकामागून एक कच्चे खर्डे आहेत. आणि सोबत आकड्यांचे ते रकानेही आहेत, विश्व फिरतंय का हे बघण्यासाठी एकेका दीर्घिकेचा कोन मोजून त्यानं मांडलेले.